आंबेशेताची दोन चित्रं

गिरणीत मला सगळे 'काठाच्या बाई' म्हणत. माझं आडनाव फक्त हजेरीच्या कार्डावर होतं. मुंबईच्या कलाशाळेतून कापडाच्या नक्षीकामाचं शिक्षण घेऊन मी कोल्हापूरला परतले, तेव्हा साठीचं दशक नुकतं सुरू झालं होतं. या शिक्षणाचा नेमका उपयोग काय, हे घरात कुणालाच ठाऊक नव्हतं. वडिलांची समजूत अशी की मी रांगोळीची कुठलीतरी मोठी परीक्षा पास झालेय. जवळच्या एका कापड गिरणीत डिझाइनचं खातं होतं, तिथं साड्यांचे काठ काढायला माणूस हवं होतं, म्हणून मी लागले.

काठ काढायचं काम बाहेरच्याला सोपं वाटतं. समोर बारीक चौकटींचा कागद असतो. एक चौकोन म्हणजे एक धागा. उभा ताणा, आडवा बाणा. फूल काढायचं म्हणजे चौकोन भरत जायचे. त्या फुलाच्या पाकळीला गोलाई नसतेच, जिन्यासारख्या पायऱ्या असतात. लांबून पाहिलं की आपला डोळा त्या पायऱ्या बुजवून गोल करून घेतो. सगळ्यात अवघड भाग म्हणजे 'रिपीट'. तेच फूल साडीभर पुन्हा पुन्हा येणार, तर ते कुठं संपतं आणि कुठं पुन्हा सुरू होतं, हे नेसणारीला कळता कामा नये. सांधा दिसला की डिझाइन फुकट. मी कुणाच्या लग्नाला गेले तरी आधी बायकांच्या काठांकडे बघायची आणि सांधे शोधायची. आमचे हे मला म्हणायचे, ''लोकांच्या तोंडाकडं बघ जरा.'' हे शाळेत चित्रकला नव्हे, भूगोल शिकवायचे.

आमच्या खात्याचे प्रमुख देसाईसाहेब. माणूस शिस्तीचा, पण मनानं मोठा. त्यांचं म्हणणं, पुस्तकातली फुलं उचलू नका, रानात जाऊन बघून या. म्हणून एका रविवारी मी वही आणि रंग घेऊन कसबा बावड्याच्या बाजूला गेले. साखर कारखान्याच्या पलीकडं ऊस तुऱ्यावर आला होता. मी बांधावर बसले ती तुरा काढायला. एक तुरा काढला, दुसरा काढला, मग मागचं रान आलं, रानामागं नदीकाठची झाडं आली, त्यावरचं राखाडी आभाळ आलं. ऊन चढेपर्यंत मी उठलेच नाही. सोमवारी ते चित्र साहेबांपुढं ठेवलं. त्यांनी बराच वेळ पाहिलं आणि विचारलं, ''चांगलंय. पण याचा रिपीट कुठून धरायचा?''

''याला रिपीट नाही साहेब,'' मी म्हटलं.

ते हसले नाहीत. ''मग हे आपल्या कामाचं नाही,'' एवढंच म्हणाले आणि चित्र परत देताना हळूच पुढं जोडलं, ''पण टाकू नका.''

त्या दिवसापासून माझे रविवार रानात गेले. पुढं काही वर्षांनी गिरणीनं बाहेरून तयार डिझाइन घ्यायला सुरुवात केली आणि आमचं खातं बंद झालं. मला दुसऱ्या खात्यात टेबल देत होते. मी नको म्हटलं. घरच्यांना वाटलं, बाईच्या डोक्यावर परिणाम झालाय. खरं तर मला भीतीच वाटत होती, पण रविवारची वाट बघत आठवडा काढणं त्याहून अवघड झालं होतं.

निसर्गचित्र शिकवलं ते शंकरअण्णांनी. अण्णा नाटकांचे पडदे रंगवून म्हातारे झालेले. सकाळी पंचगंगेच्या घाटावर जलरंगात चित्रं काढत बसायचे. माझं पहिलं चित्र बघून म्हणाले, ''हे रान न्हाय पोरी, पातळ हाय. ह्ये कुणीतरी नेसंल.'' खोटं नव्हतं. माझी भाताची खाचरं एकसारखी, झाडं ठरावीक अंतरावर, ढगसुद्धा काठावरच्या कोयरीसारखे. हात इतकी वर्षं जे शिकला होता ते विसरायला मला गिरणीत घालवलेल्या काळाएवढाच काळ लागला. अण्णा माझ्या हातून बारीक ब्रश काढून घ्यायचे आणि जाड ब्रश द्यायचे. ''दिसतंय त्यातलं निम्मं सोडून दे,'' म्हणायचे. सोडून देणं हीच या धंद्यातली विद्या. कुठली पानं काढायची हे कुणालाही समजतं; कुठली गाळायची हे समजायला जन्म जातो.

गिऱ्हाईकांना मात्र काही गाळलेलं चालत नाही. एका ऊस बागायतदारांनी बंगल्यासाठी चित्र घेतलं आणि आठवड्यानं परत आणलं. त्यांचं म्हणणं, ऊस बुटका वाटतो, पाहुण्यांत शोभत नाही. मी ऊस उंच करून दिला. मग त्यांना डोंगर दिसेना, त्याचीही तक्रार आली. उचगावचे एक दूधवाले, त्यांनी ओढ्याचं चित्र घेतलं, त्यात पाण्यात बसलेली एक म्हैस होती. ते म्हणाले, ''बाई, हिचं डावं शिंग वाईच खाली वळवा.'' मी विचारलं, का? तर म्हणाले, ''आमची तशी हाय की.'' मी वळवलं. नंतर त्यांच्याकडं गेले तर चित्रातल्या म्हशीसाठी खाली खुंटीला चारा अडकवलेला होता. थट्टेनं नव्हे, सणाचा दिवस होता म्हणून. असल्या गिऱ्हाइकांमुळंच मी टिकले.

पण लिहायला बसले ते आंबेशेतासाठी.

राधानगरीच्या अंगाला डोंगरात हे गाव होतं. एका लहान नदीच्या वळणावर पन्नासेक कौलारू घरं, मधून ओढा, वर देवराई. मी तिथं पहिल्यांदा गेले ती धुक्यासाठी. सकाळी नदीवरून धुकं चढायचं आणि एकेक कौल गिळत वर जायचं. ओढ्याच्या वरच्या अंगाला मी माझा तिपाई स्टँड उभा केला. थोड्या वेळात एक उंच, काटक म्हातारी हातात खुरपं घेऊन समोर येऊन उभी राहिली.

''उचल ती तिकटी,'' ती म्हणाली. ''माज्या रानात मोजणी करायची न्हाय.''

गावावर धरण यायचं चाललं होतं आणि वरचेवर मोजणीची माणसं तीन पायांचं यंत्र घेऊन येत होती, हे मला ठाऊकच नव्हतं. मी कागद फिरवून दाखवला. तिनं वाकून पाहिलं. रंगाची ताटली पाहिली. मग खुरपं पदरामागं घेतलं आणि म्हणाली, ''मोजणीवाल्यांस्नी रंग लागत न्हाईत. बस मग. च्या पितीस?''

ही ताराक्का. नवरा लवकर गेलेला, म्हादू आणि शिवा ही दोन मुलं, दोघांची लग्नं झालेली, एकाच घरात मधे कुडाची भिंत घालून राहायचे. त्यानंतर दोन हिवाळे मी आंबेशेतात जात राहिले. एस.टी.नं फाट्यावर उतरायचं आणि पुढं चालत. ताराक्का शेजारी येऊन बसायची, पान लावायची, आणि मी काढतेय ते बघत गावातल्या भानगडी सांगायची. माझ्या सासरी मी इतकी मोकळी कधी बसले नसेन. मी रंगात गुंतले की ती गप्प व्हायची आणि मी ब्रश धुवायला घेतला की पुन्हा सुरू व्हायची.

दुसऱ्या हिवाळ्यात गाव उठणार हे नक्की झालं. गावचे कारभारी गणपततात्या मला देवळात घेऊन गेले. पाच-सात माणसं बसली होती. तात्या म्हणाले, ''बाई, पुढल्या पावसाळ्यात हितं पानी येणार. आमी जातोय. नव्या जागंला देऊळ बांधू, त्यात लावायला आमास्नी गावाचं एक चित्र द्या.''

मी हो म्हटलं. एवढ्या मनानं मी कधी काम केलं नसेल. मोठा कॅनव्हास ताणला, तैलरंग काढले. सकाळची वेळ घेतली. खाली धुकं, धुक्यात कुठं कौलांचा तांबूस ठिपका, कुठं धुराची रेघ, वर देवराईचा काळा हिरवा. अण्णांनी शिकवलं होतं ते सगळं त्यात उतरलं. अण्णा त्या वेळी अंथरुणाला खिळलेले. त्यांना नेऊन दाखवलं तर म्हणाले, ''आता तुजं तू.''

चित्र बैलगाडीतून गावात नेलं. देवळात उभं केलं. सगळं गाव जमलं. माणसं वाकून वाकून बघू लागली. शेवटी ताराक्का पुढं झाली.

''धुकं लई झ्याक आलंय बाई,'' ती म्हणाली. ''पर गाव कुठाय?''

मग सगळेच बोलायला लागले. माझं घर दिसत न्हाय. चावडी कुठाय? ह्यो ठिपका कुणाचा? मला राग आला, वाईटही वाटलं. पण परतीच्या एस.टी.त बसल्यावर पटलं की त्यांचं बरोबर होतं. ज्याचं घर बुडणार त्याला धुकं कशाला हवंय? धुकं मला हवं होतं.

मी पुन्हा गेले, ती चौकटींचा कागद घेऊन. ताराक्काला बरोबर घेऊन घरोघर फिरले. कुणाच्या पडवीला किती खांब, कुणाच्या परड्यात फणस, कुणाचा उंबरा उंच, कुणाच्या भिंतीला पोपट काढलेला, सगळं टिपलं. लोक भांडायचे. ''आमच्या दाराफुडं त्येंचा उकिरडा काढू नगा.'' एकाला वाऱ्यानं उन्मळून पडलेला आंबा हवा होता. तो पडला त्याला बरीच वर्षं झाली होती; पण गाव म्हणालं, तो होताच, काढा, आणि मी काढला. मग चौकोनाचौकोनानं ते कॅनव्हासवर उतरवलं. विसरायला एवढी वर्षं घातली होती तो जुना हात एका दिवसात परत आला. झाडं मोजून, कौलं मोजून, आभाळाला जागाच उरली नाही. निसर्गचित्र म्हणून त्याला कुठल्याही प्रदर्शनात कुणी भिंत दिली नसती. पण देवळात ते उभं केलं तेव्हा माणसं बोट लावून आपापलं घर शोधू लागली. बायका रडल्या. गणपततात्यांनी कारभारणीकडून माझी खणानारळानं ओटी भरवली.

पहिलं, धुक्याचं चित्र मी घरी आणलं. पुढं प्रदर्शनात ते पुण्याच्या एका डॉक्टरांनी घेतलं. त्या वेळी मला आनंदच झाला होता.

गाव उठलं. एका जागी सगळ्यांना पुरेल एवढी जमीन मिळाली नाही, म्हणून निम्मी घरं शिरोळकडं गेली आणि निम्मी कागलकडं. कोण कुठं, हे कचेरीत ठरलं. शेजार बघून नव्हे, नातं बघूनही नव्हे. ताराक्काचा म्हादू शिरोळच्या वस्तीत गेला, शिवा कागलच्या. ताराक्का आलटून पालटून दोघांकडं राहायची. गणपततात्या शिरोळच्या बाजूला गेले, म्हणून चित्रही तिकडच्या नव्या देवळात लागलं.

सुरुवातीला जत्रेला दोन्हीकडची माणसं एकत्र जमायची. मग पाण्यावरून, बोअरवरून, कुणाला काळी जमीन आणि कुणाला खडकाळ यावरून मनं बिघडली. कागलकडच्यांनी जत्रेसाठी म्हणून चित्र नेलं आणि परत दिलं नाही. शिरोळकडचे आणायला गेले तर मारामारी झाली. हे मला बाजारात कुणीतरी सांगितलं. मी म्हटलं, एका चित्रावरून? सांगणारा म्हणाला, ''दुसरं काय ऱ्हायलंय तकडं भांडायला?''

त्यानंतर एका दुपारी ती माणसं माझ्या दारात आली. दोन्ही बाजूंची, चार-चार. चित्र घोंगड्यात गुंडाळलेलं. मागं ताराक्का होती. ती खूप वाकली होती. ती उंबऱ्याजवळच भिंतीला टेकून बसली.

मी चहा टाकला. कुणी एकमेकांकडं बघत नव्हतं. म्हादू एका कोपऱ्यात, शिवा दुसऱ्या. गणपततात्यांनी घोंगडं सोडलं.

''बाई, तुमीच काढलंयसा,'' ते म्हणाले. ''तुमीच कापा.''

मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं. ''कापायचं कशाला?'' मी म्हटलं. ''जसंच्या तसं दुसरं काढून देते. एक तुम्हांला, एक त्यांना.''

''आख्खं नगो,'' कागलकडचा एक जण बोलला. ''त्येंची घरं आमच्या देवळात कशाला?''

''आमास्नीबी त्येंची नगोत,'' तात्या म्हणाले. ''ज्येची त्येला द्या.''

मी समजावून पाहिलं. ती ऐकायच्या पलीकडं गेली होती. शेवटी मी चित्र जमिनीवर आडवं ठेवलं आणि दोऱ्याचं रीळ आणलं. म्हटलं, ''कुठून कापायचं ते मला दाखवा. दोरा लावा.''

तात्यांनी ओढ्यावरून दोरा धरला. दोन घरं बरोबर वेगळी झाली. तिसरं कागलचं, पण शिरोळच्या दोघांच्या मधे. दोरा वळवावा लागला. मग चावडी कुणाची, यावरून आवाज चढले. दोरा देवळापाशी अडला. तो सोडवून पुन्हा लावला तर परत अडकला. सगळे आता गुडघ्यांवर बसून चित्राभोवती वाकले होते आणि इतका वेळ न बोललेली माणसं एकमेकांना ''हितनं न्हाय, तितनं'' म्हणत होती. दोरा फिरत फिरत ताराक्काच्या घरावर आला. मधल्या कुडाच्या दोन बाजूंना दोन दारं मी नीट काढली होती. म्हादूनं शिवाकडं पाहिलं. शिवानं दोऱ्यावरचा हात काढून घेतला.

तेवढ्यात मागून ताराक्का बोलली. ''बाई, ते पयलं चित्र कुठाय? धुक्याचं?''

''विकलं अक्का.''

''कुणाला?''

''पुण्याच्या डॉक्टरांना.''

ती म्हणाली, ''ते ठेवाय पायजे हुतं. त्यात कुणाचंच घर दिसत नव्हतं.''

गणपततात्यांनी दोरा गोळा केला आणि रिळावर गुंडाळायचा प्रयत्न केला. त्यांना तो जमेना. ''ऱ्हाऊ दे हितंच,'' ते म्हणाले. चहा तसाच टाकून ती माणसं उठली आणि बाहेर पडताच दोन दिशांना गेली.

मी पुण्याला जाऊन आले. डॉक्टरांनी ते चित्र परदेशातल्या मुलीला देऊन टाकलं होतं. जुन्या कच्च्या चित्रांवरून मी धुकं पुन्हा काढायला बसले. एकदा नाही, बऱ्याचदा. धुकं आलं, देवराई आली, पण ते कुठल्याही गावाचं धुकं होतं. आंबेशेताचं आलं नाही. गाव समोर असताना मला जे गाळता येत होतं ते गाव गेल्यावर गाळता येईना. गाळायला काही उरलंच नव्हतं.

मोठं चित्र माझ्या बाहेरच्या खोलीत लागलं. कोल्हापूरला दवाखान्यात, कोर्टात, बाजाराला आलेलं आंबेशेतातलं माणूस कधीतरी दार वाजवायचं. आत यायचं, उभ्या उभ्या आपलं घर बघायचं, पाणी प्यायचं आणि जायचं. दुसऱ्या वस्तीतलं कुणी आलं होतं का, असं जाता जाता हमखास विचारायचं. मी खरं ते सांगायची. कुणी ते चित्र परत मागितलं नाही.

ताराक्का गेली ते मला तिच्या मुलांकडून कळलं. दोघं एकत्र आले होते, डोक्याचे केस काढलेले. मी त्यांना चित्रापाशी नेऊ लागले तर म्हादू म्हणाला, ''त्येच्यासाठी न्हाय आलो. आईचा फोटू न्हाय आमच्यापाशी. कुणी काढलाच न्हाय कधी. उद्या तेरावं हाय. तुमी लई दिवस बसायचासा तिच्यापाशी. तुमच्याकडं असंल तिचं एखादं चित्र.''

मी कपाट उघडलं. आंबेशेताच्या सगळ्या वह्या खाली काढल्या आणि तिघं मिळून पानं उलटू लागलो. ताराक्काच्या गोठ्याची चित्रं होती. तिच्या परड्याची, तिच्या दारातल्या पाट्या-वरवंट्याची, तिच्या रानाच्या बांधाची होती. नुसत्या तिच्या कौलांचे कितीतरी कच्चे आराखडे होते. प्रत्येक पान काढताना ती माझ्या डाव्या हाताला बसलेली होती. मी समोर बघत होते. तिचं एकही चित्र नव्हतं.

शेवटची वही मिटल्यावर शिवा म्हणाला, ''आता काढून द्या की. आठवतंय तसं.''

मी कागद घेतला. दोघं बाजूला बसले. कपाळ काढलं, ते तिचं नव्हतं. डोळे काढले, ते पुसले. तिचा आवाज कानांत होता, तिनं पान लावतानाची बोटं डोळ्यांपुढं होती, पण चेहरा धरायला जावं तर निसटत होता. तीन कागद फाडले. मग मी तिला पाठमोरी काढली. गावाच्या वाटेनं पुढं चाललेली, एक खांदा खाली, डोक्यावरचा पदर उजवीकडं थोडा घसरलेला, हात मागं गुंफलेले.

म्हादूनं कागद दोन्ही हातांनी धरला. ''चालायची अशीच,'' तो म्हणाला. शिवानं मान हलवली, पण कागदाकडं नंतर पाहिलं नाही. त्यानं गांधी टोपी काढून पुन्हा घातली आणि दोघं निघाले.

तेराव्याला मी गेले. शिवाच्या दारात मांडव होता. आत पाटावर तो कागद काचेत बसवून ठेवला होता, पुढं समई होती, आणि माणसं ओळीनं येऊन तिच्या पाठीला हार घालत होती.